तो पी कशाला बसलाय तिथं?

मागच्या महिन्यात अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, घेऊन बँकेत गेले होते. एफडी रिन्यू करायची होती, काम पाच मिनिटांचं पण त्यासाठी पाऊण तास बसलो, आणि टोकन नंबर येईपर्यंत अण्णांनी भिंतीवरची सगळी पोस्टरं वाचून काढली (ते कुठंही गेले की आधी भिंती वाचतात, दवाखान्यातसुद्धा). काउंटरवर पंचविशीचा एक मुलगा होता. चांगला होता, उगाच नावं ठेवत नाही. अण्णांनी त्याला विचारलं, "साहेब, जुनी रिसीप्ट जमा करायची का?" तो कॉम्प्युटरमध्ये बघत बघतच हसला आणि म्हणाला, "रिसीट म्हणतात काका. पी सायलेंट असतो." शेजारच्या काउंटरवरची मुलगी पण हसली. आणि खरं सांगायचं तर मी पण हसले, तोंडातल्या तोंडात, म्हणजे मी या पोरांच्या बाजूची आहे हे त्यांना कळावं एवढंच. अण्णा काही बोलले नाहीत. पिशवीतून प्लास्टिकच्या कव्हरात घातलेली ती पावती काढली आणि काचेखालून आत सरकवली.

रिक्षात बसलो. पोवई नाका येईपर्यंत गप्प. मग एकदम म्हणाले, "अगं, मग तो पी कशाला बसलाय तिथं?"

मला काही सुचेना. असतो सायलेंट, अण्णा, इंग्रजीत असतं असं, वगैरे काहीतरी बोलले. तर म्हणाले, "असतो कसा? हजार वेळा हातानं उचलून बसवलाय मी त्याला."

हे त्यांचं म्हणणं शब्दशः खरं आहे. अण्णा राजवाड्याजवळच्या एका छापखान्यात कंपोझिटर होते, म्हणजे शिशाचे सुटे खिळे (एका खिळ्यावर एक अक्षर) हातानं जुळवून मजकूर तयार करणारे. १९६२ साली सोळाव्या वर्षी चिकटले, सातवी पास, ते ऑफसेट आलं, डीटीपी आलं, आणि मालकाच्या मुलानं छपाईचं ट्रेडल मशीन भंगारात घातलं तोपर्यंत तिथंच. लहानपणी मी दुपारचा डबा घेऊन जायचे. आत शिरलं की आधी वास यायचा, शाईचा आणि खिळे धुवायच्या रॉकेलचा, आणि मग ट्रेडलचा तो ठेका. अण्णा उभे असायचे. डाव्या हातात स्टिक (खिळे जुळवायची पट्टी), उजवा हात केसच्या, म्हणजे खिळ्यांच्या पेटीच्या, खान्यांवरून कोंबडीनं दाणे टिपावेत तसा टक टक फिरत असायचा, नजर मात्र समोरच्या मजकुरावर. त्यांच्या बोटांच्या पेरांमध्ये शिशाचा एक करडा रंग बसलेला होता, तो रिटायर झाल्यावर पण दोन-तीन वर्षं गेला नाही. कामं काय, तर लग्नपत्रिका, हँडबिलं, निवडणुकीच्या स्लिपा, गणेश मंडळांचे अहवाल, आणि सगळ्यात जास्त पावती पुस्तकं. दूध डेअरीची, शाळेची, पतसंस्थेची. वर मराठीत पावती आणि त्याखाली कॅपिटलमध्ये तो शब्द, आर-ई-सी-ई-आय-पी-टी. सात खिळे. त्यातला सहावा पी.

इंग्रजी त्यांना येत नव्हतं. म्हणजे बोलायला येत नव्हतं, निम्म्या शब्दांचे अर्थ माहीत नव्हते, पण स्पेलिंग म्हणाल तर मी इंग्रजीत एमए करून आजही त्यांच्याशी पैज लावणार नाही. तेही सरळ नव्हे, उलटं. खिळ्यांवरची अक्षरं आरशातल्यासारखी असतात आणि ओळ डोक्यावर उभी वाचायची असते, त्यात बी, डी, पी आणि क्यू ही चार भावंडं एकमेकांचे कपडे घालून फिरतात, नवीन पोराचा पहिला महिना या चौघांतच जातो. अण्णांना पी दिसायचा, सापडायचा, हाताला लागायचा. ऐकू कधी आलाच नव्हता. छापखान्यात येऊन इंग्रजी बोलणार कोण होतं?

त्या रात्री झोप येईना म्हणून शोधत बसले. (एमएला भाषाशास्त्राचा एक पेपर होता, त्यातलं बरंच वाहून गेलेलं, थोडं गाळ धरून बसलेलं.) आणि त्या पीची भानगड सापडली. हा शब्द इंग्रजीनं फ्रेंचकडून घेतला तेव्हा त्यात पी नव्हताच, रेसेत किंवा रिसीत अशा धर्तीचा काहीतरी, लिहायचे पण तसाच. मग पंधराव्या-सोळाव्या शतकात लॅटिनचं वेड आलं. शिकलेल्या मंडळींना वाटायला लागलं की आपले शब्द फार गावठी दिसतायत, मूळ लॅटिन रेसेप्टा आहे, त्यात पी आहे, मग आपल्यात का नको? घातला. बोलणारे पूर्वीसारखंच बोलत राहिले, लिहिणाऱ्यांनी पी लावला. तसाच डेटमधला बी, लॅटिन डेबिटम आठवावा म्हणून, आधी तो शब्द बिनाबीचा सुखात होता. डाउटमधला बी पण तिथूनच आला. आणि गंमत म्हणजे कामात सारखेपणा पण नाही, कारण डिसीट आणि कन्सीट हे रिसीटचे सख्खे भाऊ, त्याच लॅटिन धातूचे, त्यांनाही मधे पी लावून बघितला होता काही लोकांनी, पण तिथं तो टिकला नाही. एका भावाला बापाचं नाव लावलं, दोघांना नाही. आयलंडची तर कमाल. तो जुना अस्सल इंग्रजी शब्द, लॅटिन इन्सुलाशी त्याचं काडीचं नातं नाही, पण आईल या फ्रेंच शब्दासारखा दिसतो म्हणून त्यातला एस याच्याही गळ्यात मारला. म्हणजे लग्नात भलत्याच माणसाला काका समजून फेटा बांधावा तसं.

सकाळी चहा घेताना हे सगळं अण्णांना सांगितलं. त्यांनी नीट ऐकून घेतलं. बशीत चहा ओतला, फुंकर मारली, आणि विचारलं, "प्रूफ कुणी बघितलं होतं?"

मी म्हटलं कुणी नाही, असं कुणी एकानं थोडंच केलं. तर म्हणाले, "मग शहाण्यानं शेवटच्या प्रूफात घुसवला म्हण की. आमच्याकडं पण यायचे असले." आणि मग त्यांनी अनुस्वारांची गोष्ट काढली, जी मी आधी दहा वेळा ऐकलीये पण या संदर्भात कधीच नाही. अण्णा लागले त्याच वर्षी, १९६२ ला, साहित्य महामंडळाचे शुद्धलेखनाचे नवे नियम आले आणि सरकारनं ते मान्य केले. तोपर्यंत नांव, गांव, पांच, दांत, कांहीं, नाहीं, जेव्हां, सगळीकडे डोक्यावर टिंबं. जे टिंब बोलताना कुणी उच्चारत नव्हतं ते काढून टाका असा नियम झाला. अण्णा म्हणतात, हेडकंपोझिटर जुन्या वळणाचे, त्यांचा हात थांबायचा नाही, टिंबाचा खिळा आपोआप उचलला जायचा, मग प्रूफात तो काढायचा, आणि एक म्हातारे गुरुजी होते ते आपल्या पुस्तिकेचं प्रूफ बघायला आले की काढलेली सगळी टिंबं लाल शाईनं परत घालून ठेवायचे. पोरगं बिचारं (म्हणजे अण्णा) दिवसभर टिंबं काढतंय आणि घालतंय. त्या गुरुजींचं म्हणणं होतं की पांचवरचं टिंब म्हणजे पंचाची खूण आहे, दांतावरचं दंताची, ते काढलं तर शब्दाचं गोत्र कळणार कसं. विचार करा, लंडनच्या त्या लॅटिनवेड्यांचं म्हणणं काही फार वेगळं नव्हतं. फरक इतकाच की आमची टिंबं निदान कधीकाळी कुणाच्या तरी नाकातून खरोखर आलेली होती. रिसीटचा पी इंग्लंडमध्ये कुणाच्या ओठांवर कधी धड नांदलाच नाही.

आमची गेली. त्यांचा पी राहिला.

का राहिला, तर इंग्रजीला असं महामंडळ कधी मिळालंच नाही. फ्रेंचांकडे अकादमी आहे, इंग्रजांकडे नाही. अमेरिकेत डिक्शनरीवाल्या नोआ वेब्स्टरनं एकट्यानं जमेल तेवढं केलं, कलरमधला यू काढला, सेंटरचा शेवट फिरवला, ते लोकांनी घेतलं. पण टंग हा शब्द त्यानं टी-यू-एन-जी असा सरळ लिहायला सांगितला तर कुणी ढुंकून बघितलं नाही, आणि विमेनचं डब्ल्यू-आय-एम-एम-ई-एन केलेलं तर लोकांना विनोदच वाटला. १९०६ मध्ये राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्टनं सरळ सरकारी छापखान्यालाच हुकूम सोडला की हे तीनशे शब्द यापुढे सोप्या स्पेलिंगनं छापायचे, थ्रूचं टी-एच-आर-यू वगैरे. पेपरवाल्यांनी त्याची इतकी टर उडवली आणि काँग्रेस (तिथली संसद) अशी आडवी आली की त्याच वर्षी हुकूम मागं घ्यावा लागला. मला राहून राहून त्या सरकारी छापखान्यातल्या कंपोझिटरांचं वाटतं. काही महिने थ्रूमधून तीन खिळे कमी लागले असतील, आणि मग परत ये रे माझ्या मागल्या.

तसं बघायला गेलं तर या सगळ्या गोंधळात कंपोझिटरांचाही हात आहे. विल्यम कॅक्स्टननं १४७६ मध्ये वेस्टमिन्स्टरला इंग्लंडमधला पहिला छापखाना काढला. त्याआधी हा माणूस कित्येक वर्षं व्यापारासाठी पलीकडे ब्रूजला वगैरे राहिलेला, छपाई तिकडेच शिकला, आणि येताना सवयी पण तिकडच्याच घेऊन आला, हाताखाली कामाला माणसं पण तिकडची. घोस्ट हा शब्द आधी जी-ओ-एस-टी असा साधा लिहायचे. तिकडच्या फ्लेमिश भाषेत तसल्या शब्दाला जी नंतर एच लावायची पद्धत, मग या लोकांच्या हाताला जी पाठोपाठ एच उचलायची सवय, लागला एच. गूज आणि गोट या शब्दांना पण त्यांनी एच लावून बघितला होता, तिथं टिकला नाही, भुताला मात्र चिकटला तो चिकटलाच. म्हणजे ज्यांना इंग्रजी धड येत नव्हतं अशा माणसांनी उभं राहून, डाव्या हातात स्टिक धरून, इंग्रजीची स्पेलिंगं ठरवली. हे वाचलं तेव्हा रात्रीचा दीड वाजला होता आणि अण्णांना उठवून सांगावंसं वाटलं.

कॅक्स्टनची स्वतःची एक तक्रार आहे, १४९० च्या एका पुस्तकाच्या प्रस्तावनेत लिहून ठेवलेली. काही व्यापारी थेम्स नदीवरून निघालेले, वारा नाही म्हणून अडकले, एकजण किनाऱ्यावर जाऊन एका घरात खायला मागतो, त्यात अंडी मागतो, एग्ज. बाई म्हणते मला फ्रेंच येत नाही. तो चिडतो कारण त्यालाही फ्रेंच येत नसतं. शेवटी दुसरा कुणीतरी सांगतो की याला आयरेन पाहिजेत, तेव्हा बाईला कळतं. तो उत्तरेकडचा शब्द, हा दक्षिणेकडचा. आणि कॅक्स्टन विचारतो, आता मी छापू काय? मला हा माणूस एकदम आपल्या मालकांसारखा वाटला. पाणी छापायचं की पानी, गिऱ्हाईक तर दोन्हीकडचं आहे. त्यानं लंडनच्या आसपासचं उचललं, पण जसं मिळेल तसं, मिसळ करून. बरी या शब्दाचं (पुरणे या अर्थाचं) स्पेलिंग एका भागातलं आणि उच्चार दुसऱ्या भागातला, म्हणून यू लिहून ए वाचतात. ते कुणी ठरवून केलेलं नाही, राहून गेलंय.

त्याच्याही आधीची गडबड नकलनविसांची. लव्ह, सन, मंक, कम या शब्दांत उच्चार उ-अ सारखा आणि अक्षर ओ, हे शाळेत मला फार खुपायचं. त्यामागचं कारण म्हणे असं, की हातानं लिहायच्या त्या काळच्या वळणात यू, एन, एम, व्ही, आय सगळी एकसारख्या उभ्या दांड्यांचीच असायची, शेजारी शेजारी आली की नुसतं कुंपण दिसायचं, म्हणून मधे यू ऐवजी ओ ठेवायचे, निदान एक गोल तरी डोळ्याला सापडावा. लिहिणाऱ्याच्या हाताची सोय. आपल्या मोडीत नाही का, ऱ्हस्व-दीर्घाची भानगडच ठेवली नाही, लेखणी न उचलता झरझर जायचं होतं ना.

आता ई बद्दल. इंग्रजी केसमध्ये ई चा खाना सगळ्यात मोठा असतो, हे मला आठव्या वर्षी माहीत होतं कारण तो खाना अगदी समोर असायचा आणि अण्णा मला त्यात हात घालू द्यायचे, थंडगार, जड, पावसाळ्यात वाळूत हात घातल्यासारखं. (कॅपिटल अक्षरं वरच्या केसमध्ये, छोटी खालच्या, त्यावरूनच ते अप्पर केस आणि लोअर केस आलेत, माझ्या मुलाला हे सांगितलं तर त्याला वाटलं मी बनवून सांगतेय.) एवढा मोठा खाना, आणि त्यातलं अक्षर कितीतरी शब्दांच्या शेवटी नुसतं बसून असतं. नेम, टाइम, हाउस, लाइफ. पण चौसर या कवीच्या काळात, म्हणजे चौदाव्या शतकात, हा ई बोलायचा. नेम हा शब्द तेव्हा जवळजवळ नाम असा म्हणायचे, शेवटच्या म मधला अ पूर्ण ठेवून. अगदी आपलं नाम. टाइम तेव्हा टीम-अ होता, हाउस हूस होता. मग शेवटचा ई हळूहळू गळला आणि सुमारे १४०० ते १७०० या काळात सगळे दीर्घ स्वर जागचे हलले, ई चा आय झाला, ऊ चा आउ झाला, आ चा ए झाला, जिन्यावर सगळेजण एक एक पायरी वर सरकावेत आणि वरच्या पायरीवरच्यानं खाली उडी मारावी तसं. नेमका त्याच मधल्या काळात कॅक्स्टन आणि त्याच्यामागून आलेले छापखानेवाले खिळे जुळवत बसलेले. फोटो काढताना माणूस हलला तर जे होतं ते झालं. नाइटमधला के आणि जी-एच तोपर्यंत बोलायचे, क्निख्त असं काहीतरी, जर्मन लोक अजून क्नी म्हणतात गुडघ्याला, इंग्रजांनी के टाकला पण लिहायचा सोडला नाही.

आम्हाला पाचवीला इंग्रजी सुरू झालं तेव्हा सरांनी युक्ती दिली होती, स्पेलिंग पाठ करायचं तर बोलायचं वेगळं आणि म्हणायचं वेगळं. वेड-नेस-डे. के-नाइफ. टू-गेट-हर. लेफ्टनंटला तर खोटं-तू-दहा-मुंगी (लाय-यू-टेन-अँट). अख्खा वर्ग एका सुरात के-नाइफ ओरडायचा आणि सर पट्टीनं ताल धरायचे. आता कळतं की आम्ही साताऱ्याच्या पत्र्याच्या वर्गात बसून तीन-चारशे वर्षांपूर्वीचं इंग्रजी बोलत होतो.

त्या लेफ्टनंटवरून आठवलं, आणि हे मला खरं तर लिहायचं नव्हतं.

मी बारावीला पुण्याला होते, दिवाळीच्या सुट्टीत घरी आलेले, नवीन नवीन इंग्रजी शिंगं फुटलेली. छापखान्यात गेले तर एक लग्नपत्रिका चालू होती. आमच्याकडे घराघरात फौजी, पत्रिकेवर सुभेदार, हवालदार, मेजर सगळे असतात, ही जरा मोठ्या घरची, साहेबाच्या मित्रांसाठी एका बाजूला इंग्रजी मजकूर. गिऱ्हाईक समोर बसलेलं, चहा आलेला. अण्णा प्रूफ मोठ्यानं वाचून दाखवत होते, तेव्हा तशीच पद्धत, एकानं वाचायचं एकानं मूळ कागद बघायचा. आणि अण्णांनी वाचलं, "कोलोनेल..." मी फस्सकन हसले. "अण्णा, कोलोनेल काय, कर्नल!" गिऱ्हाईक पण हसलं, मालक हसले, अण्णांनी हसल्यासारखं केलं. पुढची ओळ त्यांनी वाचली नाही. एक एक अक्षर म्हणत गेले, डब्ल्यू-ई-डी-डी-आय-एन-जी. त्यानंतर इंग्रजी प्रूफ ते कायम तसंच वाचायचे, अक्षर अक्षर सुटं करून, शब्द कधी तोंडातून काढला नाही. मला वाटायचं कामाची पद्धत असेल.

कर्नलची गोष्ट पण मी त्याच रात्री वाचली. इटालियन कोलोनेल्लो, म्हणजे फौजेच्या तुकडीचा प्रमुख. फ्रेंचांच्या जिभेवर दोन ल जवळ जवळ आले म्हणून एकाचा र झाला, कोरोनेल. इंग्रजांनी तो र वाला घेतला. मग परत कुणा शहाण्यांनी स्पेलिंगमध्ये मूळचा एल आणून बसवला आणि जीभ र वरच राहिली. म्हणजे अण्णांनी जे वाचलं ते इटालियनच्या जास्त जवळ होतं. वीस-पंचवीस वर्षं उशिरा कळून उपयोग काय.

आणि उच्चार चुकला म्हणजे कायमचाच चुकला असंही इंग्रजीत नाही. शेक्सपिअरच्या एका नाटकात एक पंतोजी आहे, तो लोक डेटमधला बी खातात म्हणून संतापतो, म्हणतो डी-ई-बी-टी आहे तर तसं म्हणा की. लोक त्याला हसायचे. पण फॉल्ट हा शब्द बघा. मूळ फ्रेंच फोत, त्यात एल नाही. लॅटिनवेड्यांनी तिथं एल घातला, डेटमध्ये बी घातला तसाच. पुढं कित्येक वर्षं तो एल कुणी बोलायचं नाही, सॅम्युअल जॉन्सननं १७५५ च्या डिक्शनरीत नोंद करून ठेवलीये की हा एल कधी उच्चारतात कधी नाही, बोलताना बहुतेक गाळतातच. आणि आज? एल न उच्चारता फॉल्ट म्हणून दाखवा. परफेक्टमधला सी, अ‍ॅडव्हेंचरमधला डी, हे पण असेच कागदावरून जिभेवर उतरलेले. ज्यांनी शब्द ऐकण्याआधी वाचला होता अशा लोकांनी ते चुकीचं वाचून वाचून बरोबर करून टाकलं. पुरेसे लोक जमले. रिसीटला नाही जमले, त्याला अण्णा काय करणार. आता फॉल्ट कुणाचा धरायचा?

आपली मराठी जशी बोलतो तशी लिहितो असं मी पण वर्षानुवर्षं ऐकवत आले, मुलाच्या मित्रांना, ऑफिसात. तेही तितकंसं खरं नाहीये. चार म्हणताना एक च, चारा म्हणताना दुसरा, लिहायचा एकच. माझा आणि माझी यातले दोन झ वेगळे. जग म्हणजे दुनिया, आणि जग म्हणजे जिवंत राहा, अक्षरं तीच, तोंड वेगळं. सिंह लिहून सिंव्ह म्हणतो, संशय लिहून सौंशय, ज्ञानेश्वर म्हणताना ज्ञ मध्ये ज शोधून सापडायचा नाही. आपल्याला ते कधी खुपत नाही कारण आधी कानानं आलं आणि मग पाटीवर. अण्णांचं इंग्रजी थेट शिशातून आलं. त्यांना त्या अक्षरांचं वजन माहीत होतं, किती पॉइंटचा पी किती जाड, कुठला झिजलाय, कुठल्याचं शेपूट तुटलंय.

त्यांना हे मी असं सांगितलं नाही. कर्नलबद्दल बोलायचं होतं, तेही दोनदा तोंडापर्यंत येऊन राहिलं. त्यांना आठवत नसेल कदाचित. किंवा असेलही.

परवा रविवारी आमच्या बिल्डिंगचे सेक्रेटरी मेंटेनन्स घ्यायला आले. या वर्षी नवीन पावती पुस्तक छापून घेतलंय, गुळगुळीत कागद, रंगीत बॉर्डर, वर कोपऱ्यात बिल्डिंगचा फोटो. त्यांनी पावती फाडायच्या आधी अण्णांनी पुस्तक मागून घेतलं, पहिल्यांदा अंगठ्यानं कागद चोळून बघितला, मग चष्मा लावून ते जरा लांब धरलं. बराच वेळ बघत होते. मग सेक्रेटरींच्या हातातलं पेन घेतलं आणि वरच्या मोठ्या अक्षरांवर एक नागमोडी रेघ ओढली, अदलाबदलीची प्रूफातली खूण, एका अक्षराच्या वरून दुसऱ्याच्या खालून. समासात पण तीच खूण केली.

"काय झालं अण्णा?"

"आय आधी पडलाय. ई आधी पायजे."

सेक्रेटरींनी पुस्तक स्वतःकडे वळवून दोनदा वाचलं, त्यांना दिसेना. मला पण लगेच दिसलं नाही, खोटं कशाला बोलू. सेक्रेटरी म्हणाले, पण आता पाच पुस्तकं छापून आलीत हो. अण्णा म्हणाले असू दे, पुढच्या खेपेला सांगा. पेन परत दिलं, चष्मा काढून खिशात घातला.

"पी आहे जागेवर," म्हणाले.